फडताळात काय ठेवावे?

काही शब्द परमुलखातून येतात आणि आपल्या गावात भलत्याच घरी उतरतात. ‘कॅश’ हा त्यांपैकीच एक. आमच्या पिंगळीकडे कॅश म्हणजे रोकड. कापूस व्यापाऱ्याला घातला की कॅश, बैल विकला की कॅश, आणि घरात लग्न निघाले की त्याच कॅशची चणचण. तेव्हा २०२३ सालच्या जुलैअखेरीस पंचक्रोशीतल्या एका सेवा केंद्रात तेथला पोरगा समोरच्या म्हाताऱ्याला म्हणाला, “मामा, थांबा जरा, कॅश क्लिअर करावी लागंल,” आणि मामांचा हात आपोआप बंडीच्या आतल्या खिशावर गेला.

“काहून बाबा? एका रुपयात इमा म्हनले व्हते की!”

रांगेत हशा पिकला. पण मामांचे काही चुकले नव्हते. पोरगा ज्या कॅशविषयी बोलत होता तिचे इंग्रजी स्पेलिंग निराळे, उच्चार मात्र तोच. ही दुसरी कॅश फ्रेंच भाषेतल्या ‘लपवणे’ या क्रियापदापासून निघाली. उत्तर अमेरिकेच्या रानांत हिंडणारे फ्रेंच शिकारी आपली शिधासामग्री जमिनीत पुरून ठेवीत आणि परतीच्या वाटेवर उकरून काढीत; त्या पुरलेल्या साठ्याचे हे नाव. म्हणजे आपले पेवच की! ज्यांनी ज्वारीची पेवे पाहिली आहेत, आत उतरण्यापूर्वी तोंड उघडून वारा खेळू द्यावा लागतो हे ज्यांना ठाऊक आहे, त्या मराठवाड्याच्या माणसाला ही कल्पना नव्याने शिकवायला नको. जगात जर्मनी आणि भारतात परभणी असे आमच्याकडे म्हणतात ते उगाच नव्हे!

वाचक म्हणतील, दिवाळीच्या फराळाच्या ताटात हे संगणकाचे गुऱ्हाळ कशाला? कारण असे की, दिवाळीच्या आधी घरोघर जी झाडलोट होते तिच्यातला जो जुना प्रश्न, ठेवावे काय आणि टाकावे काय, तोच प्रश्न त्या दिवशी त्या यंत्रापुढे उभा होता. आणि बाहेर व्हरांड्यात पन्नास-साठ माणसे उभी होती.

प्रधानमंत्री पीक विमा योजना २०१६ च्या खरिपापासूनची. २०२३ साली महाराष्ट्र सरकारने शेतकऱ्याचा हिस्सा स्वतः भरायचे ठरवले आणि शेतकऱ्याने नावाला एक रुपया द्यावा असे केले. (२०२५ च्या खरिपापासून ते बंद झाले, आता पुन्हा टक्केवारीने हप्ता भरावा लागतो.) एका रुपयात विमा म्हटल्यावर कोण मागे राहणार? सातबारा, आठ-अ, आधार, बँकेचे पासबुक, पेऱ्याचे स्वयंघोषणापत्र असा जुडगा हातात घेऊन माणसे सकाळपासून येत होती. मुदत ३१ जुलै. आमच्याकडच्या कोरडवाहू रानात सोयाबीन आणि कापूस हीच पिके. ऐन शेंगा भरताना पावसाने दगा दिला किंवा काढणीच्या वेळी धो धो कोसळला तर वर्षाचे गणित बसते ते याच कागदावर. तेव्हा एका अर्जाला पाच मिनिटे लागतात की वीस, हा प्रश्न रांगेच्या शेपटाला उभ्या असलेल्या माणसाच्या दृष्टीने साधा नव्हता.

यंत्र जुने होते. चार जीबी स्मृतीचे, आत फिरती तबकडी असलेले. पाच-सहा अर्ज झाले की ते जड होई. उंदीर हलवावा तर बाण जागचा हलत नसे. मग पोरगा ती मघाची कॅश क्लिअर करी, ब्राउझर बंद करी, पुन्हा उघडी, पुन्हा लॉगिन, पुन्हा ती वेडीवाकडी अक्षरे ओळखण्याची परीक्षा, पुन्हा मोबाईलवरचा ओटीपी. एवढे सोपस्कार झाल्यावर दोन अर्ज बरे जात आणि तिसऱ्यापासून रडगाणे सुरू. मी तिथे माझ्याच सातबाऱ्याच्या कामाला गेलो होतो. पण आयुष्यभर पोरांना गणित शिकवलेल्या माणसाला दुसऱ्याच्या हातचे उदाहरण चुकताना पाहवत नाही. पुतणी पुण्याला संगणकाच्या कंपनीत आहे. तिला फोन लावला. पुढे जे लिहितो आहे त्यातले बरेचसे तिने सांगितले आणि उरलेले मी नंतर वाचून घेतले.

आधी मुळापासून पाहू. ब्राउझर म्हणजे क्रोम, फायरफॉक्स, एज यांसारखा, संकेतस्थळांची पाने उघडून दाखवणारा कार्यक्रम. पान उघडले म्हणजे एक वस्तू आली असे आपल्याला वाटते. वास्तविक ती वऱ्हाडासारखी येते. मजकूर वेगळा, चित्रे वेगळी, अक्षरांचे वळण वेगळे, रंगरूपाची यादी वेगळी आणि पानाने कसे वागावे हे सांगणारी सूचनांची बाडे वेगळी. अर्जाच्या पानात बदलतो तो शेतकऱ्याचा तपशील. बाकीचे वऱ्हाड दर वेळी तेच. मग ते दर वेळी दूरच्या सर्व्हरवरून का आणा? म्हणून ब्राउझर ते घरातच ठेवून देतो आणि त्यासाठी त्याच्याजवळ दोन जागा असतात. एक यंत्राच्या चालू स्मृतीत, तिला रॅम म्हणतात. हे स्वयंपाकघरातले फडताळ. दुसरी तबकडीवर, हे अंगणातले पेव. फडताळ हाताशी असते पण लहान. आणि ब्राउझर बंद केला की ते रिकामे होते. पेव मोठे, रात्रभर टिकणारे, पण त्यात उतरावे लागते.

किती उतरावे लागते ते ऐका. चालू स्मृतीतून एखादी गोष्ट काढायला साधारण शंभर नॅनोसेकंद लागतात. फिरत्या तबकडीवरून ती शोधून काढायला सुमारे दहा मिलिसेकंद. हा फरक लाखपटीचा आहे. फडताळातली हळद काढायला एक सेकंद लागतो असे धरले, तर पेवातली काढायला सत्तावीस तासांहून अधिक लागतील. म्हणजे आज सकाळी मागितलेली हळद उद्या दुपारी हातात. आणि मोंढ्यातून, म्हणजे दूरच्या सर्व्हरकडून, आणायची तर त्याच हिशेबाने पाच-सहा दिवस, तेही रस्ता मोकळा असला तर. हे कोष्टक पाहिले की माणसाच्या मनात पहिला विचार काय येईल? फडताळ मोठे करा! सगळे फडताळातच ठेवा!

पोरग्यानेही नेमके तेच केले होते. कोणीतरी दाखवलेल्या एका चित्रफितीवरून त्याने फायरफॉक्सच्या पोटात हात घातला होता. पत्त्याच्या पट्टीत ‘अबाउट:कॉन्फिग’ असे इंग्रजीत टाकले की फायरफॉक्स आधी एक दम देतो, सांभाळून राहा म्हणतो, आणि मग आपल्या शेकडो कळा उघड्या करून दाखवतो. त्यांत ‘ब्राउझर डॉट कॅश डॉट मेमरी डॉट कपॅसिटी’ अशी एक कळ आहे. मुळात तिथे उणे एक हा आकडा असतो. उणे एक म्हणजे ‘तुझे तू ठरव’. मग फायरफॉक्स यंत्राची स्मृती मोजतो आणि आपल्या फडताळाचे माप ठरवतो. ते माप पाहण्यासारखे आहे. एक जीबीच्या यंत्रावर १८ एमबी, दोन जीबीवर २४, चार जीबीवर ३०, आणि आठ जीबी किंवा त्याहून कितीही अधिक असली तरी ३२. यंत्राची स्मृती आठपट झाली तरी फडताळ दुपटीनेही वाढत नाही! ज्यांनी हे माप आखले त्यांना काटकसरीची हौस होती असे नव्हे. पोरग्याने उणे एकच्या जागी दहा लाख केबी, म्हणजे जवळजवळ एक जीबी, असा आकडा घातला होता. आणि त्याच चित्रफितीच्या सांगण्यावरून शेजारची कळ फिरवून तबकडीवरची कॅश साफ बंद करून टाकली होती. पेव बुजवले आणि फडताळ भिंतभर केले.

मग अर्ज वेगाने का जात नव्हते? त्याचे उत्तर द्यायला थोडे इंग्लंड-अमेरिकेला जाऊन यावे लागेल.

केंब्रिज विद्यापीठात मॉरिस विल्क्स नावाचे एक गृहस्थ होते. १९४९ साली एड्सॅक हा संगणक चालू करणारे ते हेच. १९६५ साली त्यांनी अवघ्या दोन पानांचा एक निबंध लिहिला. मोठ्या पण मंद स्मृतीच्या पुढे एक लहान, चपळ स्मृती ठेवावी आणि लागेल ते तिने आपोआप हाताशी आणून ठेवावे, अशी त्यातली कल्पना. तिला त्यांनी ‘दास-स्मृती’ म्हटले. पुढे १९६८ साली आयबीएम कंपनीने आपल्या सिस्टिम ३६०, मॉडेल ८५ या यंत्रात ती प्रत्यक्ष बसवली आणि त्याच सुमारास तिला ‘कॅश’ हे नाव पडले. लहानपण हा त्या कल्पनेचा दोष नाही, प्राणच आहे. लहान म्हणून चपळ.

पण लहान जागेत ठेवायचे तर काही टाकावे लागणार. काय टाकावे? आयबीएममधल्याच लास्लो बेलाडी या शास्त्रज्ञाने १९६६ साली याचे निर्दोष उत्तर दिले: जी वस्तू सर्वांत उशिरा पुन्हा लागणार आहे ती टाका. उत्तर बिनतोड आहे. फक्त त्याला भविष्य ठाऊक असावे लागते. ज्योतिषी नसलेल्या यंत्रांनी मग आपल्या आजी-आईचीच रीत उचलली. जे सर्वांत जास्त दिवस हाताला लागलेले नाही ते आधी बाहेर. दिवाळीच्या आवराआवरीत पुरणयंत्र आणि चकलीचा सोऱ्या यांनाच काय ती या नियमातून सूट! फायरफॉक्स एखादी गोष्ट किती वेळा लागली आणि किती अलीकडे लागली या दोन्हींचा मेळ घालतो.

याच बेलाडींनी आणि त्यांच्या दोन सहकाऱ्यांनी १९६९ साली आणखी एक गंमत दाखवली, आणि ती वाचकांनी फराळाचे डबे मांडून स्वतः करून पाहावी असे मी सुचवीन. पाच डबे घ्या. त्यांना १ ते ५ आकडे द्या. फडताळात जागा तीनच डब्यांना आहे. जागा नसली की सर्वांत आधी आलेला डबा बाहेर काढायचा, असा नियम. आता घरातली मंडळी या क्रमाने डबे मागतात: १, २, ३, ४, १, २, ५, १, २, ३, ४, ५. प्रत्येक वेळी डबा फडताळात नसला की कोठीत फेरी मारायची. बारा मागण्यांत नऊ फेऱ्या होतात. आता सुताराला बोलवा, फडताळाला आणखी एक खण पाडून घ्या, चार डब्यांची जागा करा, आणि तोच क्रम, तोच नियम लावा. फेऱ्या किती? दहा! जागा वाढली आणि पायपीटही वाढली. मी हे प्रथम वाचले तेव्हा विश्वास बसला नाही. पाटीवर दोनदा मांडून पाहिले. अर्थात हे दर वेळी घडते असे नाही. नियम बदलून ‘ज्याला हात लागून सर्वांत जास्त वेळ झाला तो बाहेर’ असा केला तर खण वाढवल्याने फेऱ्या कधीच वाढत नाहीत. पण आकडा वाढवला म्हणजे काम वाढलेच पाहिजे, हा जो आपला घट्ट समज आहे त्याच्या बुडाशी एवढी एक फट आहे हे कळलेले बरे.

सेवा केंद्रातल्या यंत्राचे दुखणे मात्र याहून ढोबळ होते. फडताळाची भिंत काही रबराची नसते. चार जीबीच्या यंत्रात विंडोज स्वतःच दीड-दोन जीबी अडवून बसते. उरलेल्यात ब्राउझर, त्यात उघडी सतरा पाने, छायाचित्रे लहान करण्याचा कार्यक्रम, प्रिंटरचा कार्यक्रम, व्हॉट्सॲप. खरे खादाड कोण म्हणाल तर ही उघडी पाने. प्रत्येक पान आपले वेगळे ताट मांडून बसलेले. त्यात आणखी एक जीबीपर्यंत फुगायची मुभा कॅशला दिली. ती जसजशी भरत जाई तसतशी चालू स्मृती संपत येई. आणि स्मृती संपली की विंडोज काय करते? चालू स्मृतीतला काही भाग उचलून तबकडीवर ठेवते आणि लागला की परत आणते. म्हणजे ज्या तबकडीचा फेरा चुकवायला हा सगळा खटाटोप केला, तिच्याच दारात यंत्र दर क्षणी जाऊन उभे राहू लागले. कॅशच्या कामासाठी नव्हे, श्वास घ्यायलाही! अमेरिकेतले पीटर डेनिंग यांनी १९६८ साली या रोगाचे वर्णन केले आणि त्याला जो इंग्रजी शब्द वापरला जातो तो मळणीच्या शब्दाचा सख्खा भाऊ आहे. फार नेमका शब्द. खळ्यावर नुसता कडबा पसरून बैल फिरवत राहावेत, घाम दोघांचाही निघावा, आणि पाटीत दाणा एक पडू नये, अशी ती मळणी.

पुतणी फोनवर म्हणाली, “काका, त्याला कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप एकदम दाबायला सांगा. काय दिसतंय?” यंत्राची नाडी दाखवणारी खिडकी उघडली. स्मृती शंभरातली शहाण्णव भरलेली, तबकडी शंभर टक्के गुंतलेली.

“कॅशनं काही होणार नाही त्याचं,” ती म्हणाली. “आधी ती पानं मिटवा.”

“गुरुजी, ते समदे पानं लागत्यात मला,” पोरगा काकुळतीने म्हणाला.

“एका वेळी सगळी लागतात का रे बाळा?” मी विचारले. तो हसला. सतरांपैकी चार राहिली. मग त्या दोन्ही कळांपुढे जो वळता बाण असतो तो दाबून त्या होत्या तशा केल्या: स्मृतीचा आकडा पुन्हा उणे एक, तबकडीवरची कॅश पुन्हा चालू. आणि तिसरे, प्रत्येक दुखण्यावर सगळे पुसून टाकायचे नाही, असे त्याच्याकडून कबूल करून घेतले.

हे तिसरे त्याला सर्वांत अवघड गेले, आणि माझा अनुभव असा आहे की ते सर्वांनाच जाते. संगणक रुसला की ‘कॅश क्लिअर कर, हिस्टरी उडव’ हा सल्ला आता गावोगाव तुळशीच्या काढ्यासारखा दिला जातो. त्याने काही दुखणी जातात हे खरे. एखाद्या संकेतस्थळाने आपले पान बदलले आणि आपल्याकडे जुनाच तुकडा राहिला, तर पान विचित्र दिसते, बटण दाबले तरी चालत नाही. पण त्यासाठी अख्खे पेव उपसायला नको. कंट्रोल आणि एफ-पाच एकदम दाबले की तेवढेच पान जुना साठा बाजूला ठेवून ताजे मागवले जाते. एरवी ताजे-शिळे पाहायची सोय केव्हाच करून ठेवलेली आहे. जानेवारी १९९७ मध्ये एचटीटीपीची जी १.१ आवृत्ती प्रसिद्ध झाली तिच्यात सर्व्हरने प्रत्येक वस्तूबरोबर ‘ही इतका वेळ टिकेल’ अशी चिठ्ठी देण्याची पद्धत आली. मुदत संपली की ब्राउझर लगेच फेकून देत नाही; सर्व्हरला विचारतो, ‘माझ्याजवळ आहे ती अजून चालेल ना?’ सर्व्हर म्हणतो, ‘चालेल, बदल नाही.’ या उत्तराचा क्रमांक ३०४. एवढ्या एका निरोपावर शे-दोनशे केबीचे बाड आणण्याचा खर्च वाचतो. सगळे पुसून टाकणारा माणूस हा निरोप विचारायचीही सोय ठेवत नाही. वर लॉगिनच्या खुणाही त्याच झाडूने जातात, म्हणून ओटीपीची वाट पाहणे आलेच.

हा फडताळ वाढवण्याचा सल्ला आला कुठून, याचाही मी शोध घेतला. तो खोटा नाही, शिळा आहे. १५ ऑगस्ट १९९५ रोजी विदेश संचार निगमने आपल्या देशात सर्वसामान्यांसाठी इंटरनेट सुरू केले. टेलिफोनच्या तारेवरून कुंईकुंई करत ते येई आणि तासांच्या हिशेबाने पैसे पडत. त्या काळच्या नेटस्केप ब्राउझरमध्ये स्मृतीची कॅश किती आणि तबकडीची किती हे आकडे पसंतीच्या पानावर उघड लिहिलेले असत आणि जाणकार माणसे ते वाढवून घेत. पाने साधी, तार मंद, एका वेळी एकच पान उघडे. तेव्हा ते औषध लागू पडे. पुढे पाने जड झाली, एकदम वीस-वीस उघडू लागली, ब्राउझरही आपले माप आपण घ्यायला शिकले; चिठ्ठी मात्र जुन्या वैद्याचीच हातोहात फिरत राहिली.

क्रोम वापरणाऱ्यांनी ही कळ शोधायला जाऊ नये. त्याच्या सेटिंगांत स्मृतीच्या कॅशचे माप कुठे दिलेलेच नाही, आणि ते योग्यच आहे असे माझे मत आहे. त्याऐवजी तिथे ‘परफॉर्मन्स’ या सदराखाली ‘मेमरी सेव्हर’ नावाची एक सोय आहे. बराच वेळ न पाहिलेले पान ती मिटवून ठेवते, त्याची जागा मोकळी करते आणि आपण परत गेलो की पान पुन्हा आणते. लहान यंत्रावर ही चालू असावी. अर्धवट भरलेला अर्ज असलेले पान ती मिटवत नाही. तरीही धास्ती वाटली तर ‘ही संकेतस्थळे नेहमी जागी ठेवा’ अशी यादी करता येते. आणि ज्यांना आपल्या डोळ्यांनी पाहिल्याशिवाय चैन पडत नाही, त्यांनी क्रोममध्ये एफ-बारा दाबावे, ‘नेटवर्क’ या खणात जावे आणि पान पुन्हा उघडावे. वऱ्हाडातला प्रत्येक पाहुणा कुठून आला ते आकाराच्या रकान्यात लिहिलेले दिसते: हा स्मृतीच्या कॅशमधून, हा तबकडीच्या, हा थेट सर्व्हरवरून. माझी एक दुपार यात फार सुखाची गेली.

तर त्या दिवशी पुढे काय झाले? पहिला अर्ज पहिल्याइतकाच वेळ घेऊन गेला. पेव नुकतेच उघडलेले, त्यात काही नव्हते. दुसऱ्या-तिसऱ्या अर्जापासून पान झटकन समोर येऊ लागले. बाण हलू लागला. मामांचा अर्ज झाला, पावती निघाली, एक रुपया मोजून दिला गेला. रांग सरकली. पण सगळेच बरे झाले असे मी म्हणणार नाही. ‘जतन करा’ हे बटण दाबल्यावर पुढचे जे चाक फिरते त्याचा आपल्या फडताळाशी काही संबंध नसतो. शेतकऱ्याचा गट क्रमांक, त्याचे क्षेत्र, त्याचा बँक खाते क्रमांक ही दर वेळी नवी मागणी. तिचे उत्तर सर्व्हरनेच द्यायचे. मुदतीच्या संध्याकाळी राज्यातले गाव न गाव एकाच दारावर थाप मारत असेल तर आतला माणूस तरी किती जणांना उघडणार? त्या वर्षी शेवटी मुदत ३ ऑगस्टपर्यंत वाढवावी लागली. आमच्या रांगेतली जी माणसे ३१ तारखेला रात्री परत गेली होती ती त्या तीन दिवसांत येऊन अर्ज भरून गेली.

एक गोष्ट मात्र पोरग्याची बरोबर होती आणि ती मी त्याला तिथेच सांगितली. तो सारखे पुसत होता त्यामागे नुसता वेगाचा हव्यास नव्हता. “गुरुजी, लोकांचे आधार असत्यात यात. उद्या कोन काय करील?” असे तो म्हणाला. या वयाच्या पोराला ही जाण असावी याचे मला कौतुक वाटले. शेकडो माणसांचे कागद ज्या यंत्रातून जातात त्याची स्मृती ही चैनीची वस्तू नाही, जोखमीची आहे. मात्र झाडू चुकीच्या खोलीत फिरत होता. जी पाने खाजगी आहेत ती तबकडीवर ठेवू नयेत अशी चिठ्ठी सर्व्हर देऊ शकतो आणि ब्राउझर ती पाळतो. कॅशमध्ये मुख्यतः साठते ते बोधचिन्ह, अक्षरांची वळणे, सूचनांची बाडे. ती चोरून कोणाचे भले होणार? धोका होता तो ‘डाउनलोड’ नावाच्या घडीत. ती उघडली तर आत सातबारे, पासबुकांची पहिली पाने आणि आधारची कार्डे, माणसांच्या नावानिशी, दोन हंगामांची ओळीने पडलेली. कॅश कितीही वेळा पुसा, या घडीला तिचा हात लागत नाही. स्कॅन करून ठेवलेल्या चित्रांची घडी निराळी, आणि व्हॉट्सॲपवरून आलेल्या कागदांची त्याहून निराळी.

त्या रात्री केंद्राचे दार ओढून घेतल्यावर आम्ही दोघांनी त्या तिन्ही घड्या रिकाम्या केल्या. मग कचऱ्याची टोपलीही रिकामी केली, कारण नुसते पुसलेले कागद तिच्यात जाऊन बसतात. आता तो हे रोज संध्याकाळी करतो; पुसण्याच्या खिडकीत ‘कुकीज’ या चौकटीवर खूण करतो म्हणजे लॉगिन सुटते, आणि ‘साठवलेली चित्रे व फाइली’ ही चौकट मोकळी सोडतो. मागच्या हंगामात त्याने यंत्रात आणखी चार जीबी स्मृती बसवून घेतली आणि फिरत्या तबकडीच्या जागी न फिरणारी घातली. अबाउट:कॉन्फिगकडे मात्र तो पुन्हा फिरकलेला नाही.